वरचा एक रुपया

माझी बायको धायरीची. आता धायरी म्हटलं की लोकांना सिंहगड रस्त्यावरची वाहतूक आठवते, पण आमचं लग्न झालं तेव्हा तिच्या माहेरी दारात म्हैस होती आणि घरामागे साडेतीन एकर रान होतं. मी कर्वेनगरात राहणारा, एका सहकारी बँकेत कॅश काउंटरवर बसणारा. सासऱ्यांना नोकरदार जावई हवा होता, तो त्यांना मिळाला. मला काय हवं होतं ते कुणी विचारलं नाही, पण जे मिळालं त्याबद्दल माझी तक्रार नाही.

तिला एकच भाऊ. तिच्याहून अकरा वर्षांनी धाकटा, म्हणजे निम्मा तिनेच वाढवलेला. पोरगा हुशार निघाला, इंजिनिअर झाला आणि पुढे शिकायला अमेरिकेला जायचं म्हणाला. तिकडची फी डॉलरमध्ये, आणि आमच्या सासऱ्यांकडे डॉलर होतील अशी एकच वस्तू होती, ती म्हणजे रान. बिल्डर तोपर्यंत गावात फिरतच होते. एक जण म्हणाला, दोन फ्लॅट घ्या आणि उरलेले पैसे घ्या. सासरे म्हणाले, सगळे पैसेच द्या, कॉलेजला फ्लॅट चालत नाही.

त्या व्यवहारात माझ्या बायकोने हक्कसोड पत्रावर सही केली. वडिलांच्या जमिनीतला आपला वाटा भावासाठी सोडला, असा तो कागद. आमच्याकडे बहिणी करतात तशी सही. कुणाला सांगावं लागत नाही आणि कुणी आभारही मानत नाही. कचेरीच्या बाहेर अंगठ्याची शाई पुसायला मी तिला माझा रुमाल दिला आणि विचारलं, "नीट विचार केलास ना?"

"कसला विचार करायचा? भाऊ हाय माझा."

एरवी ती माझ्याशी माझ्यासारखंच बोलते. माहेरचा विषय निघाला की मात्र हे 'हाय' बाहेर येतं, आणि मग पुढे बोलण्यात अर्थ नसतो. मला राग आला होता. तो मी बरीच वर्षं नीट घडी घालून जपून ठेवला.

शिक्षण संपवून मेहुण्याला तिकडेच नोकरी लागली आणि त्या वर्षी तो दिवाळीला आला. भाऊबीजेला पाटावर बसला, बहिणीने ओवाळलं, आणि त्याने खिशातून एक हिरवट नोट काढून ताटात ठेवली. शंभर डॉलर. मी तोवर डॉलरची नोट हातात धरलेली नव्हती, तरी तोंडातून निघून गेलं, "शंभरच? वर रुपया नको का?" ओवाळणी एकशे एक असते, पाचशे एक असते, सरळ शंभर कुणी घालत नाही. तो बिचारा खिसे चाचपायला लागला. आदल्याच दिवशी विमानातून उतरलेला, खिशात सुटा रुपया कुठला असणार? शेवटी मीच माझ्या पाकिटातून एक नाणं काढलं आणि त्याच्या नोटेवर ठेवलं. सगळे हसले.

चेष्टेत झालं, पण तेच रूढ झालं. ज्या वर्षी तो येई त्या वर्षी स्वतः नोट ठेवी. ज्या वर्षी येत नसे त्या वर्षी पुण्याला येणाऱ्या कुणा ना कुणा मित्राबरोबर पाकीट धाडी, आणि बायको पाटावर फोन तांब्याला टेकवून ठेवून त्याच्या चेहऱ्याला ओवाळी. निरांजनाने काच तडकेल म्हणून मी ओरडत असे. नोट त्याची, वरचा रुपया माझा. अशी सोळा वर्षं.

ओवाळून झालं की मी दुसरं एक काम करायचो. त्या दिवशीचा भाव बघून शंभराचे रुपये किती झाले ते मोठ्याने सांगायचो. दर वर्षी आकडा आदल्या वर्षीपेक्षा मोठा. बायकोला वाटायचं, भाऊ वरवर चढतो आहे. मी म्हणायचो, "तो आहे तिथेच आहे. आपण खाली चाललोय." हे मी विनोदाने म्हणायचो असं मी तेव्हा समजत होतो. खरं सांगायचं तर मला ते झोंबायचं. मी महिनाभर लोकांच्या घामट नोटा मोजून जे मिळवायचो, त्यातला बराचसा भाग तो पोरगा एका चिमटीत धरून ताटात ठेवायचा. आणि साडेतीन एकरांतल्या वाट्याच्या बदल्यात वर्षाला एक नोट, हा हिशोबही माझ्या डोक्यात चालू असायचा. बायकोच्या डोक्यात तो कधीच नव्हता.

तिने त्या नोटांना हात लावला नाही. फ्रीज बंद पडला तेव्हा नाही, माझ्या मोतीबिंदूच्या वेळी नाही. "भावाची ओवाळणी मोडत नसतात," एवढंच. नोटा एका जुन्या पेढ्यांच्या डब्यात, आणि माझी नाणी त्याच डब्यात तळाशी. लक्ष्मीपूजनाला डबा उघडायचा आणि सगळं चौरंगावर मांडायचं. आमच्याकडे पूजा मी करतो. पासबुक, दागिने, केरसुणी आणि त्या नोटा, प्रत्येकीवर हळदीकुंकवाचं एकेक बोट. कोरडं कुंकू नोटेवर ठरत नाही, सांडतं, म्हणून मी बोट पाण्यात बुडवून लावायचो. कामात मी पहिल्यापासून चोख.

मागच्या पावसाळ्यात एका सकाळी मेहुण्याचा फोन आला. तिकडे संध्याकाळ. कंपनीने माणसं कमी केली होती आणि त्यात हा गेला होता. सोळा वर्षं नोकरी करूनही तो तिथे व्हिसावरच होता. कायमच्या परवान्यासाठी नाव घातलेलं होतं, पण ती रांग अशी की पुढचा माणूस दिसत नाही. नोकरी गेल्यावर अशा माणसाला दोन महिने मिळतात. तेवढ्यात दुसरी नोकरी मिळाली तर ठीक, नाहीतर बायको-मुलाला घेऊन देश सोडायचा. हे सगळं त्याने हवामान सांगावं तसं सांगितलं. मग म्हणाला, "ताई, काळजी करू नको. बघतोय मी."

बायको फोन ठेवून स्वयंपाकघरात गेली आणि भाजी चिरायला बसली. अर्ध्या तासाने बाहेर आली. "तो माघारी आला तर रान कशापायी गेलं?" तिने विचारलं. हाच प्रश्न सोळा वर्षं मी दुसऱ्या शब्दांत विचारत होतो, आणि आता तिच्या तोंडून ऐकताना मला अजिबात बरं वाटलं नाही. तिला भाऊ तिथे टिकायला हवा होता. तिच्या सहीचा तेवढाच अर्थ होता.

ती म्हणाली, "आपण पैसे पाठवू." मी आमची एक मुदत ठेव धरून हिशोब केला. आमच्या दृष्टीने मोठी रक्कम, माझ्या निवृत्तीच्या पैशातली. तिचे डॉलर करून कागदावर आकडा लिहिला आणि तिच्यापुढे धरला. ती कागदाकडे बघत राहिली.

"एवढेच?"

"एवढेच."

"त्यांचं घरभाडं किती असतं हो?"

मी सांगितलं की त्याने कर्जावर घर घेतलंय आणि त्याचा महिन्याचा हप्ता आपल्या या आकड्याचा अर्धा आहे. तिला वाटलं मी नेहमीसारखा टोचून बोलतोय. मी टोचत नव्हतो. तरी बँकेत जाऊन परदेशात पैसे पाठवायचा अर्ज मागितला. काउंटरवरची मुलगी म्हणाली, "काका, तिकडून इकडे यायचेत ना?" मी म्हटलं, "नाही, इकडून तिकडे." तिने मान वर करून एकदा माझ्याकडे बघून घेतलं. कशासाठी पाठवताय या रकान्यात शिक्षण, उपचार, प्रवास असे पर्याय होते. बहिणीचा जीव असा पर्याय नव्हता.

घरी आलो तर बायकोने पेढ्यांचा डबा काढून ठेवला होता. म्हणाली, ठेव मोडायची नाही, ती आपल्या दुखण्याखुपण्याची. या नोटा त्याच्याच आहेत, त्याला पाठवा. सोळा वर्षांत पहिल्यांदा तिने आपणहून डबा माझ्या हातात दिला.

आता नोटा टपालाने तर पाठवता येत नाहीत. मी ठरवलं, आधी त्यांचे रुपये करायचे आणि मग बँकेतून रीतसर धाडायचे. दोन्ही वेळा भावात मार बसणार होता, पण नियम म्हणजे नियम. डेक्कनला परकीय चलन बदलून देणारं एक छोटं दुकान आहे, तिथे गेलो. काचेमागे तिशीतला माणूस. मी नोटा बाहेर काढल्या. दोन-तीन एकमेकींना चिकटल्या होत्या, त्या जपून सोडवल्या. त्याने वरची नोट उचलली, उजेडात धरली, पालथी केली, मग पुढची. सगळ्या पाहून झाल्यावर गठ्ठा काचेखालून माझ्याकडे सरकवला.

"काका, नोट आहे का लग्नपत्रिका?"

मी म्हटलं, "नोट खरी आहे."

"खरीच आहे. पण आम्हाला डाग चालत नाही, शिक्का चालत नाही, साधी पेनाची रेघ चालत नाही. पुढे कुणी घेत नाही आमच्याकडून. हे एवढं हळदीकुंकू कुणी लावलं?"

इथे एक गोष्ट सांगायला हवी. बँकेत असताना मी नोटा परत करण्यासाठी प्रसिद्ध होतो. पेनाने लिहिलेली, चिकटपट्टी लावलेली, तेलकट नोट आली की दोन बोटांनी उचलून परत सरकवायचो, आणि वर एखादा शब्द ऐकवायचो. म्हाताऱ्या बायका माझी खिडकी टाळून शेजारच्या रांगेत उभ्या राहायच्या. असा मी, वर्षानुवर्षं दर दिवाळीला बोट ओलं करून शंभर डॉलरच्या नोटा रंगवत होतो आणि माझ्या एकदाही लक्षात आलं नाही. कारण त्या माझ्यासाठी नोटा नव्हत्याच. बायकोसाठी तो भाऊ होता आणि माझ्यासाठी तो राग होता. चलन म्हणून आमच्या घरात त्यांच्याकडे कुणी बघितलंच नव्हतं.

"मीच लावलं," मी म्हटलं.

तो जरा नरमला. फारच नड असेल तर बराच भाव पाडून घेतो, म्हणाला. मी नको म्हटलं. मी नोटा पाकिटात भरत असताना तो म्हणाला, "तिकडे अडणार नाही बघा. तिकडे कितीही मळकी असली तरी घेतात. कुणी जात असेल तर त्यांच्याबरोबर द्या."

घरी आलो आणि जे झालं ते सांगितलं. माझी चूक आहे हेही सांगितलं, ते सोपं गेलं नाही. मला वाटलं होतं ती चिडेल. तिने एक नोट हातात घेऊन कुंकवाच्या थरावरून अंगठा फिरवला आणि म्हणाली, "बरं झालं. परक्याच्या हातात गेल्या असत्या."

आमच्या सोसायटीतल्या दुसऱ्या मजल्यावरच्या काकू आठवड्याने लेकीच्या बाळंतपणाला अमेरिकेला निघाल्या होत्या. त्यांच्या बॅगेत डिंकाचे लाडू, मेतकूट आणि बाळाची दुपटी भरलेली होती, त्यात आमचं पाकीट गेलं. तिथून त्यांच्या जावयाने ते मेहुण्याला पाठवायचं ठरलं. पाकिटावर काही लिहावं का, असं बायकोने विचारलं. मी म्हटलं, त्याला कळेल. तळाची माझी नाणी तेवढी डब्यात राहिली. रुपया तिकडे कोण घेणार?

पुढचे दिवस कसे गेले ते सांगण्यासारखं नाही, कारण काही घडत नव्हतं. बायको रोज सकाळी चहाच्या आधी फोन बघायची. मेहुणा मुलाखती देत होता. एका ठिकाणी चौथ्या फेरीपर्यंत गेला आणि मग त्या कंपनीने ती जागाच रद्द केली. एका ठिकाणी व्हिसाचं ऐकून पुढे बोलणं झालं नाही. तिकडे कोणी नवा नियम बोलून दाखवला की इकडे आमच्या घरात दोन दिवस कुणी धड जेवत नसे. ज्या देशात मी कधी पाऊल टाकलं नाही तिथल्या बातम्या मी पाण्याच्या कपातीच्या बातमीसारख्या वाचायला लागलो. आणि लक्षात आलं की माझी जपून ठेवलेली घडी उलगडली आहे. मला तो पोरगा तिथे टिकावासा वाटत होता. रानासाठी नाही, सहीसाठीही नाही. रोज सकाळी ती फोनकडे बघायची ते मला बघवत नव्हतं.

मुदत संपायला दहा दिवस होते तेव्हा त्याचा फोन आला. बायकोने तो स्पीकरवर टाकला.

"ताई, तिकीट काढलं. दिवाळीच्या आधी येतोय. सगळेच."

मग त्याने सांगितलं की घर विकायला काढलंय, घाईत विकल्यावर कर्ज फिटून फारसं उरणार नाही, पण फिटेल. मुलाला सांगितलंय, तो दोन दिवस बोलला नाही, आता बोलतो. मग म्हणाला, "तुझ्या नोटांचीच तिकिटं काढली. बँकेत भरल्या. चौदा यंत्राने घेतल्या, दोन बाहेर टाकल्या. मग तिथल्या बाईने हाताने बघून त्या पण घेतल्या. दोन तिकिटं निघाली आणि तिसऱ्याला थोडे वर घातले."

"मी राहायला दिल्या होत्या रे," बायको म्हणाली.

"म्हाईत हाय, ताई." इतक्या वर्षांनी त्याच्या तोंडून ते तसंच निघालं, धायरीतल्यासारखं. "दुसऱ्या कशाला मोडवंनात."

मी उठून गॅलरीत गेलो आणि वाळत घातलेले कपडे उगाच काढायला लागलो. ओले होते. परत घातले.

ते आले. सासू-सासरे आता नाहीत आणि जुनं घरही रानाबरोबर गेलेलं, म्हणून महिन्याच्या भाड्याने धायरीतच राहिले. मेहुण्याला घर दाखवणाऱ्या दलालाने तीन फ्लॅट दाखवले, त्यातला परवडणारा एक नेमका त्या इमारतीत होता जी सासऱ्यांच्या रानावर उभी आहे. घ्यावा का नको, असं त्याने मला विचारलं. मी म्हटलं, भाडं वाजवी असेल तर घे. बायको सामान लावायला गेली तेव्हा खिडकीतून खाली बघून तिने त्याच्या मुलाला सांगितलं की इथे विहीर होती. खाली गाड्या लावलेल्या होत्या. मुलाने किती खोल होती ते विचारलं. तिने सांगितलं.

त्या लक्ष्मीपूजनाला चौरंग जरा रिकामा दिसला. पासबुक होतं, दागिने होते, केरसुणी होती, आणि नोटांच्या जागी डब्यातली सोळा नाणी मी रांगेत मांडली. कुंकू लावलं. नाण्यावरचं कुंकू धुतलं की जातं.

भाऊबीजेला तो सकाळीच आला. बायकोने पाटाभोवती रांगोळी काढली होती. तिकडे सोळा वर्षं जी घरं त्याने केली त्यात त्याला जमिनीवर बसायची सवय राहिली नव्हती, गुडघे धरून हळूहळू बसला. केस बरेच पांढरे झालेत, फोनवर दिसत नसत. बायकोने टिळा लावला, अक्षता लावल्या, निरांजन फिरवलं. तिचा हात जरा जास्त वेळ फिरत राहिला. मग तिने ताट पुढे केलं, आणि मी दुसरीकडे बघितलं. नोकरी नसलेल्या भावाने ताटात काय ठेवायचं, हे आम्ही तिघांनीही आधी मनात घोळवलेलं असणार. मी तर सकाळी एक पाकीट भरून त्याच्या सदऱ्याच्या खिशात घालायला निघालो होतो. बायकोने डोळ्यांनी नको म्हटलं.

त्याने पाचशेची नोट काढून ताटात ठेवली. साधी, आपली, जरा चुरगळलेली. माझा हात सवयीने खिशाकडे गेला आणि नाणं शोधू लागला.

"असू द्या, दाजी," तो म्हणाला. "रुपया हाय माझ्याकडे."